वाडा, खळं आणि गोठा : वाचकांचे प्रश्न

मागच्या अंकात जुन्या नाशकातल्या वाड्यांबद्दल लिहिलं आणि यावेळी पत्रं आली ती वाड्यांपेक्षा शेतातल्या घरांबद्दल जास्त. निफाडच्या एका ताईंनी तर थेट इंग्लंडमधल्या घराचं विचारलंय, तिथूनच सुरुवात करू.

प्रश्न : माझी मुलगी आणि जावई नोकरीसाठी इंग्लंडात हेरफर्डशायरमध्ये एका खेड्यात राहतात. एका शेतकऱ्याच्या जुन्या घराचा अर्धा भाग भाड्याने घेतलाय. खिडकीतून गार वारा येतो म्हणून मुलगी म्हणाली प्लास्टिकची डबल काचेची खिडकी बसवा, निम्मा खर्च आम्ही देतो. तर घरमालक म्हणतो घर लिस्टेड आहे, बदलता येत नाही. राजवाडा नाही, किल्ला नाही, साधं शेतकऱ्याचं घर. खरंच असा कायदा आहे का, की माणूस टाळतोय? (एक आई, निफाड)

उत्तर : टाळत नाहीये ताई, खरं सांगतोय. तिकडे महायुद्धात बॉम्बने शहरं पडली त्यानंतर 1944 आणि 1947 च्या नगररचना कायद्यांत जपायच्या इमारतींची यादी करायचं ठरलं, आणि त्या यादीत चर्च आणि राजवाडे आले तसे शेतकऱ्याचे वाडे, गोठे, धान्याची कोठारं, कबुतरखाने सगळंच येत गेलं. आज इंग्लंडच्या यादीत पावणेचार लाखांच्या आसपास नोंदी आहेत. ग्रेड वन, ग्रेड टू स्टार आणि ग्रेड टू असे वरून खाली तीन दर्जे, आणि शंभरातल्या साधारण 92 नोंदी ग्रेड टूच्या, म्हणजे तुमच्या मुलीचं घर बहुधा याच गटातलं. 1700 च्या आधीचं घर बऱ्यापैकी मूळ रूपात शिल्लक असेल तर ते यादीत येतंच असं समजा. 1980 च्या दशकात तर माणसं एकेक पॅरिश पायी फिरली, पॅरिश म्हणजे आपल्या ग्रामपंचायतीसारखं समजा, आणि गल्लीबोळात, शेताच्या बांधावर जाऊन एकेक घर बघून चार ओळींत लिहून ठेवलं की चौकट लाकडी आहे, छप्पर अमुक आहे, चूल कुठे आहे. मला या कामाचं फार मोल वाटतं, कारण ते लोक देखणं घर शोधत नव्हते, गावात उभं काय आहे ते बघत होते.

आता कायदा काय म्हणतो ते नीट समजून घ्या. घर यादीत गेलं म्हणजे आतून बाहेरून सगळं आलं, फक्त दर्शनी भिंत नाही. घराच्या आवारातलं 1 जुलै 1948 च्या आधी बांधलेलं शेड, भिंत, गोठा हेही बहुतेक वेळा सोबत येतं. घराचं रूप बदलेल असं काही करायचं तर आधी काउन्सिलची, म्हणजे तिथल्या स्थानिक पालिकेची, लेखी परवानगी लागते, न घेता केलं तर तो फौजदारी गुन्हा, दंड तर होतोच पण दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. पण याचा अर्थ कशालाच हात लावायचा नाही असा नाही, विचारल्याशिवाय लावायचा नाही इतकाच. अर्जाला फी नाही, निर्णय साधारण आठ आठवड्यांत द्यायचा असतो, आणि कुजलेल्या खिडकीचा तेवढाच तुकडा कापून तसंच लाकूड जोडून दुरुस्त करणं याला सहसा परवानगीही लागत नाही.

मुलीला सांगा, प्लास्टिकच्या खिडकीचा नाद सोडा, ती मिळणं अवघड. त्याऐवजी मालकाला म्हणा की जुनी खिडकी तशीच राहू दे, आतल्या बाजूने एक वेगळी काचेची चौकट बसवून द्या आणि फटींना पट्ट्या लावा. याला काउन्सिल सहसा आडवं येत नाही आणि वारा खरोखर थांबतो. आणि हो, हेरफर्डशायर काळ्या लाकडाच्या आणि पांढऱ्या भिंतीच्या घरांसाठी प्रसिद्ध आहे, मुलीला एकदा भिंतीतल्या लाकडांचे सांधे बारकाईने बघायला सांगा. जुने सुतार जमिनीवर चौकट जुळवून बघायचे आणि कुठलं लाकूड कुठे जाईल ते कळावं म्हणून त्यावर रोमन आकडे कोरायचे, ते कितीतरी घरांत अजून दिसतात.

प्रश्न : घर जपतात ते समजलं, पण धान्याच्या कोठारात जपण्यासारखं काय असतं? आमच्याकडे पत्र्याचं शेड असतं तसंच ना ते? (शेतकरी, सिन्नर)

उत्तर : दादा, तुम्ही खळं केलंय का कधी? मी लहानपणी आजोळी शेवटची काही खळी बघितली आहेत, मधे तिवडा रोवलेला, भोवती बैलांची पात, आणि मग वारा सुटायची वाट बघत वावडीवर, म्हणजे उफणायच्या उंच तिवईवर, उभा राहिलेला मामा, सूप खांद्याच्या वर धरून, दाणे सरळ खाली पडायचे आणि भुसा दोन हात लांब उडायचा. आपल्याकडे सुगी झाली की आकाश कोरडं असतं म्हणून खळं उघड्यावर चालतं. तिकडे पावसाचा भरवसा नाही, मग त्यांनी अख्खं खळंच छपराखाली आणलं, तेच बार्न. दोन्ही बाजूंना गव्हाच्या पेंढ्या छतापर्यंत रचायच्या, मधे मोकळी फळ्यांची किंवा दगडाची जमीन, तिथे हिवाळाभर दोन काठ्या चामड्याने जोडलेल्या झोडपणीने मळायचं. आणि या जमिनीच्या दोन्ही टोकांना समोरासमोर मोठे दरवाजे, भरलेली गाडी आत यावी म्हणून तर होतेच पण दोन्ही उघडले की आरपार वारा येतो आणि उफणणी होते! म्हणजे तो दरवाजा हीच त्यांची वावडी. हे मला कळलं तेव्हा मी त्या दारात बराच वेळ नुसती उभी होते.

भिंतींना उभ्या बारीक फटी ठेवलेल्या असतात, धान्याला हवा लागावी म्हणून. कितीतरी बार्नना वर आढ्याजवळ एक भोक असतं, ते घुबडासाठी. आपण घुबडाला अशुभ म्हणतो, तिकडचा शेतकरी त्याला मुद्दाम आत घेत होता, उंदीर खातं म्हणून. मळलेलं धान्य ठेवायची खोली तर वेगळीच, दगडी छत्र्यांवर उभी केलेली, खाली निमुळता दगड आणि वर गोल चपटा, उंदीर चढला तरी छत्रीखाली उलटा चालू शकत नाही म्हणून वर पोचत नाही.

मी स्वतः पाहिलं ते हार्मंड्सवर्थचं, हीथ्रो विमानतळाच्या अगदी शेजारी. 1426 सालचं, ओक लाकडाचं, 192 फूट लांब, विंचेस्टर कॉलेजच्या जमिनीवरचं धान्य ठेवायला बांधलेलं. आत शिरलं की दोन्हीकडे खांबांच्या रांगा आणि प्रत्येक खांबाखाली दगड, अगदी आपल्या वाड्यातल्या सागवानी खांबाखाली तळखडा असतो तसाच, कारणही तेच, लाकडाला जमिनीची ओल लागू नये. मी वाकून हात लावून बघितला, गार होता, आणि डोक्यावरून विमानं जात होती. हे बार्न 2006 मध्ये एका कंपनीने फक्त एका पौंडाला घेतलं होतं, विमानतळ वाढला तर भरपाई मिळेल या हिशोबाने, आणि मग देखभाल केलीच नाही. छप्पर गळायला लागलं तेव्हा 2009 मध्ये इंग्लिश हेरिटेज या वारसा जपणाऱ्या संस्थेने तातडीची दुरुस्ती केली आणि पुढे 20 हजार पौंडांना ते विकतच घेतलं. आज ते ग्रेड वन आहे आणि उन्हाळ्यात ठरावीक रविवारी गावचेच लोक दाखवतात.

प्रश्न : पण असं बार्न शेतकऱ्याला आज उपयोगाचं आहे का? (विद्यार्थिनी, नाशिकरोड)

उत्तर : बहुतेक ठिकाणी नाही, कंबाइन हार्वेस्टर त्या दारातून आत जातच नाही. म्हणून घरं करतात, त्यातही अडचण अशी की साध्या शेतशेडचं घर करायला 2014 पासून जी सोपी वाट दिलीये ती लिस्टेड बार्नला लागू नाही, तिथे पूर्ण परवानगी लागते. वर वटवाघळं असतील तर त्यांनाही कायद्याचं संरक्षण आहे. माझं मत विचाराल तर घर केल्यापेक्षा गावाची सभा, शाळेचे कार्यक्रम, लग्नं यासाठी वापर केला तर बरं, घर केलं की आत भिंती घालून खोल्या कराव्या लागतात आणि आतली ती उंच मोकळी जागाच जाते.

प्रश्न : आमचं दिंडोरी तालुक्यात शंभर वर्षांचं धाब्याचं घर आहे, भिंतीत धान्य साठवायचं बळद आहे, मागे गोठा. भाऊ म्हणतात पाडून स्लॅब टाकू. असं घर सरकारी यादीत जातं का? नाहीतर मिस्त्री म्हणतोय निदान सिमेंटचा गिलावा करून घ्या. (दिंडोरी)

उत्तर : आधी गिलाव्याचं बोलते कारण त्याची घाई आहे. करू नका. माझ्या सासरी हेच केलं होतं, मिस्त्रीने छान गुळगुळीत सिमेंट मारून दिलं, दोन पावसाळे बरं वाटलं, तिसऱ्या वर्षी गिलाव्याचा अख्खा पापुद्रा निघाला आणि मागची मातीची भिंत हाताने खरवडली तर चिखलासारखी आली. माती ओल घेते आणि सोडते, सिमेंटने सोडायची वाट बंद होते, ओल आत कोंडते. इंग्लंडात डेव्हनमध्ये माती आणि काडाची घरं आहेत, त्यांची म्हण आहे की अशा घराला चांगली टोपी आणि चांगले बूट द्या, म्हणजे छप्पर आणि जोतं सांभाळा, भिंत आपली आपण टिकते. तुम्हीही तेच करा, पावसाळ्याआधी धाब्यावर पांढरी माती टाका, पन्हळी मोकळ्या करा, जोत्याला पाणी लागू देऊ नका, भिंतीला मातीचा नाहीतर चुन्याचा गिलावा द्या.

यादीचं खरं सांगायचं तर आपल्याकडे केंद्राचा 1958 चा आणि राज्याचा 1960 चा कायदा आहे, पण त्यातून लेणी, मंदिरं, किल्ले, आपला सरकारवाडा किंवा चांदवडचा रंगमहाल असं जपलं जातं. 2020 च्या राज्याच्या बांधकाम नियमावलीत हेरिटेज यादीची सोय आहे पण शेतातला गोठा त्यात येईल या भरवशावर बसू नका. म्हणून भावांशी बोलण्याआधी एक रविवार काढा. टेप घेऊन घर मोजा, वहीत नकाशा काढा, बळदाचं वरचं तोंड आणि खालचं भोक, गव्हाण, दावणीचे खुंटे, तुळईवर काही कोरलेलं असेल तर ते, सगळ्याचे फोटो काढा, आणि घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाला शेजारी बसवून कुठे काय ठेवायचे ते रेकॉर्ड करा. मग भावांना विचारा की स्लॅबचं घर मागे मोकळ्या जागेत होईल का आणि हे पुढचं पाहुण्यांना, बियाण्याला वापरता येईल का. द्राक्षाचं कामकाज बघायला लोक येतातच तुमच्याकडे. नकाशा झाला की मला पाठवा, जोत्याची दुरुस्ती कुठून सुरू करायची ते मी बघून सांगते.