ओठ मराठीत, हात इंग्रजीत

प्रश्न : माझ्या दिरांनी घरच्या ग्रुपवर एक व्हिडिओ टाकलाय. शेअर बाजारातले एक बडे अधिकारी चक्क मराठीत सांगतात, खालच्या लिंकवरून ग्रुपात या, रोज कुठला शेअर घ्यायचा ते कळवतो. मुलगा म्हणतो डीपफेक आहे, म्हणजे कॉम्प्युटरने बनवलेला खोटा व्हिडिओ; पापण्या मिटतात का बघ. तीनदा पाहिलं, चांगल्या मिटतात. दीर पन्नास हजार घालायला निघालेत.
— निवृत्त शिक्षिका, कराड

उत्तर : बाई, आधी दिरांना थांबवा, मग पुढचं वाचा.

पापण्यांची खूण शिळी झाली. २०१८च्या सुमाराला बनावट चेहरे खरोखरच कमी डोळे मिचकावायचे. ते जाहीर झालं आणि बनवणाऱ्यांनी ती चूक सुधारून टाकली. बनावट चित्रांत हाताला सहा बोटं निघायची, ती मोजण्याचंही आता तसंच होत चाललंय.

तुमचा व्हिडिओ मी मोठ्या पडद्यावर, आवाज बंद करून पाहिला. ‘प’ आणि ‘म’ म्हणताना ओठ पुरते मिटत नाहीत, आणि मिशीची खालची कड मधूनमधून पाण्यात भिजल्यासारखी पुसट होते. पण चोर सापडला तो हातांमुळे. ‘तीन शेअर सांगतो’ म्हणताना हात टेबलावर गपगार, आणि ‘लिंक खाली आहे’ म्हणताना तीन बोटं वर! अशा व्हिडिओत बहुधा तोंडापुरतीच कारागिरी केलेली असते. हात मूळ भाषणाचेच राहतात.

म्हणजे मूळ भाषण कुठेतरी असणार. व्हिडिओ थांबवून चेहरा आणि मागची भिंत स्पष्ट दिसेल असा स्क्रीनशॉट घेतला, वरखाली चिकटवलेल्या लाल पट्ट्या कापल्या आणि चित्रावरून शोध घेणाऱ्या गुगल लेन्सला दिला. पहिल्यांदा काहीच मिळालं नाही. दुसऱ्या स्क्रीनशॉटला यूट्यूबवरची दोन वर्षांपूर्वीची मुलाखत निघाली. तोच निळा शर्ट, तीच कोपऱ्यातली कुंडी. साहेब इंग्रजीत बोलतायत आणि तीन बोटं वर करून तीन मुद्दे मोजतायत. शेअरचं नावही नाही. दिरांना दोन्ही व्हिडिओ शेजारी शेजारी लावून दाखवा. ‘तुम्ही फसलात’ म्हणू नका, नुसती कुंडी दाखवा.

लेन्सने हात टेकले तरी एक प्रश्न उरतोच : हा माणूस हे काम करतो का? एप्रिल २०२४मध्ये राष्ट्रीय शेअर बाजाराचे प्रमुख आशीषकुमार चौहान यांचे असेच खोटे व्हिडिओ फिरले, तेव्हा बाजारानेच कळवलं की आमच्या कर्मचाऱ्यांना शेअर सुचवायची परवानगीच नाही. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये रिझर्व्ह बँकेलाही गव्हर्नरांच्या नावाने फिरणाऱ्या व्हिडिओंबद्दल हेच सांगावं लागलं. जानेवारी २०२४मध्ये तर सचिन तेंडुलकर एका गेमिंग ॲपची भलामण करताना दिसला. तो व्हिडिओ बनावट असल्याचं त्याने स्वतःच सांगितलं. सल्लागार खरा की खोटा हे शेअर बाजारावर देखरेख ठेवणाऱ्या सेबीच्या संकेतस्थळावरच्या नोंदणीकृत सल्लागारांच्या यादीत पाहता येतं. पैसे गेलेच असतील, तर घरात भांडत न बसता लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन लावा. तक्रार जितकी लवकर, तितकी रक्कम मधेच अडवली जाण्याची आशा जास्त.

आणि डीपफेकचीच भीती बाळगू नका. मी बावीस वर्षं कोल्हापुरात एका दैनिकाच्या फोटो डेस्कवर काढली. २०२१च्या पुरात आलेला एक फोटो मी ‘आजचा’ म्हणून पानावर सोडला. सकाळी एका चहावाल्याने फोन करून विचारलं, “साहेब, त्या फोटोतली चपलांच्या दुकानाची पाटी गेल्या वर्षीच उतरवली की. परत कधी लागली?” फोटो २०१९च्या पुराचा होता. त्यात बनावट काहीच नव्हतं, फक्त तारीख खोटी. फसवायला तेवढंही पुरतं, आणि ते करायला कॉम्प्युटर लागत नाही.

प्रश्न : मुलगा पुण्यात असतो. त्याच्या आवाजात रडत रडत फोन आला, ‘अपघात झालाय, चाळीस हजार पाठव.’ नंबर अनोळखी होता. नशीब, नेट बंद होतं. पण आवाज हुबेहूब त्याचाच होता हो!
— एक आई, बार्शी

उत्तर : हुबेहूबच असणार. आवाजाची नक्कल करायला आता थोडासा नमुना पुरतो, आणि पोरांच्या रील्समध्ये तो भरपूर असतो. अशा फोनवर कानाची परीक्षा घेऊ नका. फोन ठेवा आणि मुलाचा जो नंबर तुमच्याकडे आहे, त्यावर स्वतः लावा. लागला नाही तर त्याच्या रूममेटला लावा. घरातला एखादा खुणेचा शब्दही ठरवून ठेवा. तो कुत्र्यामांजराचं नाव नको, ती फेसबुकवर असतात.

प्रश्न : माझी उलटी तक्रार आहे. गावातला नवा रस्ता महिन्याभरात उखडला. मी फोटो काढून ग्रुपवर टाकला, तर कंत्राटदार म्हणतो ‘एआयने बनवलाय.’ आता लोकही मलाच हसतात.
— एक शेतकरी, तालुका माण

उत्तर : ही पळवाट आता सर्रास वापरली जाणार, दादा. तुमच्या मोबाइलमधला मूळ फोटो डिलीट करू नका, त्यावर बाण-गोल काढू नका. कधी काढला, कुठल्या फोनने काढला, लोकेशन चालू असेल तर कुठे काढला, हे सगळं त्या फाइलमध्ये नोंदलेलं असतं. ही नोंदही बदलता येते, म्हणून एकट्या तिच्या भरवशावर राहू नका, पण ती हातची घालवूही नका. व्हॉट्सॲपवर फोटो म्हणून पाठवला की ती पुसली जाते आणि फोटो दाबला जातो. यापुढे पिनच्या खुणेवर जाऊन ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवत चला.

आणि उद्या सकाळी परत जा. सलग व्हिडिओ घ्या : आधी शाळेची नाहीतर देवळाची पाटी, तिथून कॅमेरा बंद न करता चालत खड्ड्यापर्यंत. खड्ड्यात त्या दिवशीचा पेपर ठेवा. सोबत दोघांना न्या, त्यांनाही आपापल्या मोबाइलवर काढू द्या. कंत्राटदाराने रात्रीत खड्डा बुजवलाच, तर त्या ताज्या डांबराचाही फोटो घ्या.