हाउअरची गोष्ट पूर्ण ऐका

प्रश्न : आम्ही नेदरलँड्समध्ये अ‍ॅमस्टेलव्हीनला राहतो. मुलगा सोळा वर्षांचा, हाव्होच्या, म्हणजे इथल्या पाच वर्षांच्या माध्यमिक शाळेच्या, चौथ्या वर्षाला आहे. त्याला नट व्हायचंय. ‘डच नट रुटगर हाउअर पंधराव्या वर्षी बोटीवर पळाला, त्याचं काय अडलं?’ म्हणत शाळा सोडायचा हट्ट धरून बसलाय. काय करू?

उत्तर : ताई, मुलाने नाव उत्तम निवडलंय, पण गोष्ट अर्धीच ऐकलीय.

हाउअर बोटीवर गेला, हे खरं. पण परतल्यावर पडेल ते काम करत तो रात्रशाळेत शिकला. आईवडील दोघंही नट, अभिनय शिकवणारे. तरीही तो अ‍ॅमस्टरडॅमच्या नाट्यशाळेत गेला. मध्ये खंड पडला, पण १९६७ साली शिक्षण पुरं केलंच. मग काही वर्षं नूर्डर कोम्पनी या प्रायोगिक नाटकमंडळीत काढली. राजधानीपासून लांब प्रयोग, अभिनयाबरोबर दिग्दर्शन आणि कपडेपटही. १९६९च्या ‘फ्लोरिस’ मालिकेने तो डच घराघरांत पोचला. ‘ब्लेड रनर’ हा त्याचा गाजलेला हॉलिवूडपट आला थेट १९८२मध्ये, वयाच्या अडतिसाव्या वर्षी.

त्यातलं हाउअरच्या पात्राचं मरतानाचं स्वगत मुलाबरोबर बसून बघा. लिहिलेलं स्वगत लांबलचक होतं. चित्रीकरणाच्या आदल्या रात्री हाउअरने ते छाटलं आणि पावसातल्या अश्रूंचं वाक्य स्वतः घातलं. कुठला शब्द जड होतोय हे कळणारा कान रंगभूमीवर मुरल्याशिवाय तयार होत नाही, असं माझं ठाम मत आहे.

आता तुमच्याकडचं. अठरा वर्षं पूर्ण होईपर्यंत हाव्हो, व्हीडब्ल्यूओ (विद्यापीठाकडे नेणारी शाळा) किंवा किमान एमबीओ (व्यवसायशिक्षण) दुसऱ्या पातळीचा दाखला हाती नसेल, तर तिथे कायद्यानेच शाळा सोडता येत नाही. शिवाय अ‍ॅमस्टरडॅम, मास्ट्रिख्ट, आर्नेम, उत्रेख्त इथले अभिनयाचे चार वर्षांचे अभ्यासक्रम एचबीओ, म्हणजे उच्च व्यावसायिक शिक्षणाच्या, पातळीचे. त्यांना हाव्होचा दाखला चालतो. म्हणजे तो आत्ता आहे तीच वाट तिकडे जाते. निवड ऑडिशनच्या फेऱ्यांतून होते, जागा फार थोड्या, त्यामुळे पहिल्या वर्षी नकार आला तर खचू नका. डच भाषेतली दोन-तीन स्वगतं त्याने आतापासून बसवावीत, शनिवार-रविवारी तरुणांच्या नाट्यवर्गाला जावं.

आणि त्याच्या बाबांनी त्याला अ‍ॅमस्टरडॅमच्या लाइड्सप्लाइन चौकातल्या नाट्यगृहात घेऊन जावं. तिथे गुरुवारच्या प्रयोगांना बऱ्याचदा इंग्रजी उपशीर्षकं असतात, तेव्हा डचची अडचण येणार नाही.