कॉर्न या अमेरिकन बँडचा पहिला अल्बम इतका जड का वाटतो? नू मेटल (हिप-हॉपचा ठेका मिसळलेले हेवी मेटल) ऐकायला सुरुवात त्यापासूनच करावी का?

हा प्रश्न वाचून वीस वर्षांपूर्वीचे एक भांडण पुन्हा वर आले, म्हणून लिहीत आहे. ऑक्टोबर १९९४मध्ये आलेल्या या अल्बमचे वजन डिस्टॉर्शनमध्ये, म्हणजे गिटारचा आवाज मुद्दाम खरखरीत करण्यात, नाही, हे मी तेव्हाही सांगत होतो आणि आजही सांगतो.

२००३ साली सांगलीत शिकत असताना आमचा चौघांचा बँड होता आणि स्नेहसंमेलनात याच अल्बममधले 'ब्लाइंड' हे गाणे वाजवायचे ठरले होते. माझी गिटार साधी, सहा तारांची. मूळ अल्बममध्ये मंकी आणि हेड हे कॉर्नचे दोघे गिटारवादक सात तारांच्या आयबनेझ गिटारी वाजवतात, त्याही एक पूर्ण स्वर खाली उतरवलेल्या, म्हणजे सर्वांत जाड तार 'ए'वर. हे ठाऊक असल्यामुळे मी माझी जाड 'ई' तार खुंटी सैल करत 'ए'पर्यंत नेली. ती इतकी ढिली पडली की बोटाने ओढल्यास शेजारच्या तारेवर जाऊन बसे आणि छेडल्यावर स्वराऐवजी फ्रेटवर आपटल्याची खडखड ऐकू येई. आमच्या ड्रमरचे निदान मात्र ठाम होते: तार होती तिथे आण, चांगले डिस्टॉर्शन पेडल घे, काम होईल. आम्ही वर्गणी काढून पेडल घेतले. कार्यक्रमात आवाज मोठा झाला, कर्कश झाला, जड काही झाला नाही, आणि पुढच्याच रांगेतून कोणीतरी "अरे, तो मिक्सर बंद करा" असे ओरडले. ड्रमरच्या मते दोष माझ्या हाताचा होता.

दोष कुठे होता हे कॉर्नचा बेसवादक फील्डी याचा बेस नीट ऐकला की कळते. त्याच्या पाच तारांच्या बेसमधून मधल्या पट्टीचा आवाज जवळजवळ काढून टाकलेला असल्यामुळे खाली गडगडाट आणि वर टकटक एवढेच उरते. ती टकटक ड्रमच्या ठेक्यात मिसळते आणि मधली सगळी जागा त्या उतरवलेल्या गिटारींना मोकळी मिळते. निर्माता रॉस रॉबिन्सनने मालिबूच्या इंडिगो रँच स्टुडिओत हे सारे गुळगुळीत न करता ठेवले, हे त्याचे मोठे श्रेय. 'शूट्स अँड लॅडर्स'च्या आरंभीची बॅगपाइप गायक जोनाथन डेव्हिसने स्वतः वाजवलेली आहे, तीही ऐकावी.

फोनच्या स्पीकरवर ऐकून या अल्बमबद्दल मत देणाऱ्यांशी मी बोलत नाही. गिटारची ती 'ए' तार ५५ हर्ट्झची, बेसची त्याच्याही निम्म्यावर. फोनमधून त्यातले काय येणार? सुरुवातीचे म्हणाल, तर चालींची ओढ असल्यास कॉर्नचाच १९९८चा 'फॉलो द लीडर' आधी ऐकून मग मागे यावे. आणखी एक गोष्ट आधीच सांगायला हवी होती: शेवटचे 'डॅडी' हे गाणे डेव्हिसच्या बालपणी झालेल्या लैंगिक अत्याचाराविषयी आहे, आणि गाता गाता तो खरोखरच कोसळून रडतो. पहिल्या खेपेस ते वगळले तरी चालेल.

चार वर्षांपूर्वी मी सात तारांची जुनी गिटार घेतली, 'ए'वर उतरवली आणि डिस्टॉर्शन अगदी थोडे ठेवून 'ब्लाइंड'चा पहिला भाग वाजवून ड्रमरला पाठवला. त्याचे उत्तर आले, "छान. पेडल कोणते?"