'गिल्टी वाटायलंय'ला मराठीत काय म्हणावं?

लातूरच्या एका मुलींच्या वसतिगृहातल्या रेक्टर ताईंचा प्रश्न आहे. बारावीतल्या एका मुलीची जिवलग मैत्रीण अपघातात गेली. त्याआधी दोघींची कट्टी झाली होती, ती सुटायची राहून गेली. आता ती मुलगी सारखी 'मला गिल्टी वाटायलंय' म्हणते. ताईंना मुलींसाठी पानभर मजकूर लिहायचा आहे. त्यात त्यांनी 'अपराधी भावना' असं लिहिलं, पण ते त्यांनाच खटकतंय.

ताई, खटकतंय ते बरोबर आहे. 'अपराधी' म्हटलं की आधी अपराध गृहीत धरला जातो. वाचणाऱ्या पोरीला वाटणार, म्हणजे मी काहीतरी केलंच की. बोलीत यासाठी चांगले चार-पाच शब्द आहेत, फक्त ते एकमेकांच्या जागी चालत नाहीत.

काही करायचं राहून गेलं की चुटपुट लागते. फोन उचलला नाही, वाढदिवसाला गेले नाही, अशा गोष्टींना हा शब्द पुरतो. मरणापुढं मात्र तोकडा पडतो. 'मैत्रीण गेल्याची चुटपुट' म्हटलं तर एसटी चुकल्यासारखं वाटतं. रुखरुख त्याच जातीची, पण खोल आणि रोजची. 'बोलायचं राहून गेलं, ही रुखरुख' हे या मुलीला नेमकं बसतं. टोचणी लागायला मात्र हातून किंवा तोंडून काहीतरी गेलेलं असावं लागतं. कट्टीत ती लागट बोलली असेल, तर त्या बोलण्याची टोचणी. सल हा शल्यावरून आलेला, मुरलेल्या दुःखाचा शब्द. महिनाभरापूर्वीच्या घटनेला तो लावला की मजकूर कवितेसारखा होतो, तिथं नको. आणि हळहळ तर बाहेरच्यांची. 'परिसरात हळहळ व्यक्त' हे बातमीत ठीक, जिवलग मैत्रिणीला हळहळ वाटली असं लिहिणं म्हणजे तिला परकं करणं.

'खंत'चं जरा वेगळं आहे. छापील मराठीत खंत व्यक्त करतात, तीही बहुधा व्यासपीठावरून. आपल्याकडं खंत 'घेतात'. 'पोरीनं खंत घेतली' म्हणजे ती जेवंना गेली, वाळली, बोलंना गेली. नुसतं वाईट वाटण्याच्या पुढची ही पायरी, आणि त्याच्याही पुढं 'हाय खाल्ली', 'अंथरूण धरलं'. म्हणून घरचं कुणी फोनवर 'खंत घेतलीय तिनं' म्हणालं, तर ते मनाइतकंच अंगाचंही बोलणं आहे असं समजा. ताट भरलेलं परत जातंय का ते बघा.

मला स्वतःला सगळ्यात नेमका वाटतो तो 'मन खातं'. औसा-कंधारकडची मुलगी 'माझं मन मलाच खायलंय' असं सहज म्हणेल. यात खाणारं मन आहे, मुलगी कर्ता नाही. रुखरुख किंवा टोचणी लागते तेव्हाही ती कर्ता नसते. 'मी अपराधी' म्हटलं की सगळं तिच्या अंगावर येतं. पण एक जपा. हे तिनं स्वतःबद्दल म्हणायचं. दुसऱ्यानं 'तुझं मन तुला खातंय' म्हटलं की तो टोमणा होतो, चोरी पकडल्यासारखा.

समजावताना 'मनाला लावून घेऊ नकोस' टाळा. ते कुणी टाकून बोललं तर म्हणायचं असतं, मरणाच्या वेळी हलकं वाटतं. 'स्वतःला बोल लावू नकोस' हे बरोबर.

आता मैत्रीचे शब्द. यातले बहुतेक 'जीव'भोवती फिरतात आणि क्रियापद बदललं की अर्थ कुठल्या कुठं जातो. जीव लावला म्हणजे लळा. जीव टाकते म्हणजे अतोनात प्रेम. 'जीव लागंना गेलाय' म्हणजे करमत नाही. आणि जीव दिला म्हणजे आत्महत्या. 'जिवाला जीव देणारी मैत्रीण' एरवी निर्धोक आहे, पण या पानावर नको, 'जिवाभावाची' पुरे. आणि कुणी मुलगी 'जीव नको झालाय', 'जीव द्यावा वाटायलाय' म्हणाली, तर बोलायची पद्धत म्हणून सोडून देऊ नका. शब्दचर्चा तिथं थांबते. तसा विचार मनात येतोय का, हे सरळ विचारा, तिला एकटं ठेवू नका, घरी कळवा. टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर चोवीस तास चालू असतो, पैसे लागत नाहीत.

आणखी एक अडचण शब्दकोशाबाहेरची आहे. सुतक भावकीला, दुखवटा सोयऱ्यांचा. मातीला, सावडायला, दहाव्याला कुणी जायचं ते ठरलेलं. मैत्रीण यात कुठंच नाही. तिला विचारतात, 'तुझी कोण लागत होती?' लागत तर कुणीच नव्हती. त्यामुळं तिनं किती दिवस रडायचं याला आपल्याकडं माप नाही, आणि चौथ्या दिवशी 'आता अभ्यासाला बस' असं ऐकावं लागतं. यातून वाट काढायला एक शब्द मात्र रूढ आहे: भेटून येणे. भेटायला कुणीही जाऊ शकतं, नातं लागत नाही.

मजकूर साधारण असा चालेल:

'तुझी मैत्रीण गेली. कट्टी सुटायची राहिली, याची रुखरुख लागते, मन खातं. अशा वेळी असं होतंच. पण कट्टीमुळं अपघात झाला नाही. स्वतःला बोल लावू नकोस. तिच्या घरी भेटून यायचं असेल तर सांग, सोबत येऊ.'

यात 'गेली'च ठेवा. 'मयत' पोलिसांच्या कागदावरचा, 'निधन' फ्लेक्सवरचं. मुली आपसात 'ऑफ झाली' म्हणतात, त्यांना म्हणू द्या, दुरुस्त करत बसू नका.