युद्धाची खरी दृश्यं रोज फोनवर दिसत असताना त्यावर टीका करायला प्रायोगिक ॲनिमेशन कशाला हवं?

माझ्यापुरतं याचं उत्तर आठ मिनिटांच्या एका फिल्ममध्ये आहे. कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डासाठी नॉर्मन मॅक्लॅरन यांनी १९५२ मध्ये केलेली 'नेबर्स'. १९४९ मध्ये ते युनेस्कोच्या कामासाठी चीनमध्ये होते, तिथली क्रांती जवळून पाहिली. परतले आणि कोरियाचं युद्ध पेटलं.

गोष्ट आपल्याकडच्या बांधावरच्या भांडणाची म्हणावी अशी. दोन शेजारी आरामखुर्च्या टाकून पेपर वाचतायत. मधोमध एक फूल उगवतं. ते कुणाच्या हद्दीत, यावरून आधी कुंपण, मग कुंपणाच्याच फळ्यांच्या तलवारी, आणि शेवटी दोघंही मरतात. फूल कधीच तुडवलं गेलेलं असतं.

पात्रं चितारलेली नाहीत, जिवंत माणसं आहेत. नटाने जरासं हलायचं, थांबायचं, एक फ्रेम घ्यायची, पुन्हा तेच. याला पिक्सिलेशन म्हणतात. फुलाच्या वासाने शेजारी हवेत तरंगतो, त्यासाठी नटाने उडीमागून उडी मारली आणि प्रत्येक वेळी तो वर असतानाच फ्रेम टिपली. मी हे गच्चीवर करून पाहिलं. तीस उड्या मारल्या, हाती आले जेमतेम अडीच सेकंद. दुसऱ्या दिवशी जिना उतरवत नव्हता. पण पडद्यावर स्वतःला पाहिलं तेव्हा चरकलो. मी खुर्चीसारखा सरकत होतो. 'नेबर्स'मध्ये फळी आणि माणूस एकाच झटक्याने हलतात. बातम्यांत मला जखमा दिसतात; माणसाचं असं सामान होणं मला इथे दिसलं.

फिल्मला ऑस्कर मिळालं. पण एक प्रसंग अमेरिका-युरोपातल्या प्रेक्षकांना झेपणार नाही म्हणून कापावा लागला होता: दोघं एकमेकांची घरं पाडून आतल्या बायको-बाळाला मारतात. घर म्हणजे नुसती रंगवलेली दर्शनी भिंत, तरी तो सोसवेना! व्हिएतनाम युद्धाच्या काळात लोकमत पालटलं आणि तोच प्रसंग परत जोडायची मागणी आली. तोवर त्याची मूळ निगेटिव्ह नष्ट झाली होती. एका जुन्या प्रिंटवरून तो मिळवावा लागला, त्यामुळे तेवढ्या तुकड्याचा दर्जा बाकी फिल्मपेक्षा कमी आहे.