लेट मार्क आणि चालती गाडी

प्रश्न : ताई, मी डोंबिवलीला राहते आणि फोर्टमधल्या एका खासगी ऑफिसात अकाउंट्स बघते. हजेरी साडेनऊची. महिन्यात तीन लेट मार्क झाले की अर्ध्या दिवसाचा पगार कापतात. मुलाचा डबा, सासूबाईंची औषधं, मग रिक्षाची रांग. जिना उतरताना फास्ट लोकल हललेली दिसली की मी धावत जाऊन दांडा धरते. परवा पाय सटकला, आतल्या बायकांनी ओढून घेतलं. नवरा म्हणतो, नोकरी सोड. मला सोडायची नाही. काय करू?
— एक वाचक, डोंबिवली

उत्तर : नोकरी अजिबात सोडू नका. चालती गाडी पकडणं मात्र आजपासून बंद.

कल्याणहून व्हीटीला बँकेत जाता-येताच मी निवृत्त झाले. लेडीज डब्यातले ते हात मला ठाऊक आहेत, पण दरवेळी ते पोचतीलच असं नाही. ९ जून २०२५ च्या सकाळी मुंब्र्याजवळच्या वळणावर दोन गाड्या शेजारून जाताना दारात लटकलेली माणसं खाली पडली, काही दगावली. ती बातमी वाचून मला दोन घास गेले नव्हते.

डोंबिवलीहूनच सुटणारी स्लो बघा. पंधरा-वीस मिनिटं जास्त लागतील, पण धावावं लागणार नाही, बसायलाही मिळेल. आणि ती वीस मिनिटं तुमच्या झोपेतून काढायची नाहीत. ज्यांना तुमची एवढी काळजी वाटते, त्यांनी सकाळी डबा भरावा आणि आईला औषधं द्यावीत. हे आज रात्रीच सांगा.

खरा प्रश्न ऑफिसच्या वेळेचा आहे. सगळ्या शहराला एकाच तासात दक्षिण मुंबईत पोचवायचं म्हटल्यावर फलाटावर दुसरं काय होणार? मध्य रेल्वेने २०२३ मध्ये स्वतःच्या मुख्यालयात कामाच्या दोन वेगवेगळ्या वेळा सुरू केल्या आणि इतर कार्यालयांनाही तसंच करायची विनंती केली. गाड्या चालवणारेच असं म्हणतात, हे साहेबांना लेखी दाखवा. मागणी नेमकी ठेवा : साडेनऊ ते साडेदहा केव्हाही हजेरी, संध्याकाळी तेवढंच उशिरा निघणं. एकटीच्या नावाने अर्ज देऊ नका, बदलापूर-विरारहून येणाऱ्या सगळ्यांच्या सह्या घ्या.

नकार आला तर मला कळवा. पुढच्या अर्जाचा मसुदा मी लिहून देईन.