वाचकांचे प्रश्न : ८१ गुणांचे वजन

प्रश्न : बास्केटबॉलपटू कोबी ब्रायंटचे एका सामन्यातील ८१ गुण मोठे, की विल्ट चेंबरलेनचे १००? माझा धाकटा भाऊ म्हणतो की १०० हे ८१ पेक्षा मोठेच असतात, त्यात चर्चा कसली करायची. मला ते पटत नाही. पण का पटत नाही, हे मांडता येत नाही.

उत्तर : आपल्या भावाचे गणित चुकलेले नाही, फक्त ते अर्ध्यावर थांबलेले आहे. क्रिकेटमध्ये कोणी शतक केले असे कळले, की आपण लगेच विचारतो, किती चेंडूंत, कोणाविरुद्ध आणि संघाच्या किती धावांपैकी? बास्केटबॉलच्या गुणांना मात्र हे प्रश्न सहसा कोणी विचारत नाही. ते विचारून पाहू.

चेंबरलेनचा सामना २ मार्च १९६२ रोजी पेनसिल्व्हेनिया राज्यातील हर्शी या लहानशा गावात झाला. फिलाडेल्फिया वॉरियर्सने न्यूयॉर्क निक्सला १६९-१४७ असे हरवले. चेंबरलेनने ६३ वेळा बास्केटच्या दिशेने चेंडू टाकला आणि त्यांपैकी ३६ वेळा तो आत गेला. शिवाय ३२ पैकी २८ फ्री थ्रो (फाउल झाल्यावर मिळणाऱ्या, एकेका गुणाच्या बिनअडथळ्याच्या फेकी) त्याने साधले. यातील खरे नवल फ्री थ्रोचे आहे, कारण संपूर्ण कारकिर्दीत त्याचे जेमतेम निम्मे फ्री थ्रो आत गेले. त्या हंगामात तो फ्री थ्रो दोन्ही हातांत चेंडू धरून, गुडघ्यांजवळून वर झुलवत टाकत असे. ही पद्धत त्याला मानवत होती, तरी पुढे त्याने ती सोडून दिली. सामना पाहायला चार हजारांच्या थोडे वर प्रेक्षक होते. चित्रफीत उपलब्ध नाही. शेवटच्या क्वार्टरचे, म्हणजे सामन्याच्या चार भागांपैकी शेवटच्या भागाचे, रेडिओवरील वर्णन आणि हातात ‘१००’ लिहिलेला कागद धरून बसलेल्या चेंबरलेनचे एक छायाचित्र, हेच प्रमुख पुरावे आज आपण पाहू-ऐकू शकतो.

शेवटच्या क्वार्टरमध्ये खेळाचे रूपच पालटले. शंभरी होऊ द्यायची नाही, म्हणून निक्सचे खेळाडू चेंबरलेनच्या हाती चेंडू पोहोचण्याआधीच त्याच्या सहकाऱ्यांना मुद्दाम फाउल करू लागले; आणि चेंडू लवकर परत मिळावा, म्हणून वॉरियर्सचे खेळाडूही निक्सच्या खेळाडूंना फाउल करू लागले. सामन्याचा निकाल तोपर्यंत बाजूला पडला होता आणि दोन्ही संघ एका आकड्यासाठी झगडत होते. त्या क्वार्टरमध्ये चेंबरलेनने ३१ गुण केले. हे सांगून मला त्याची कामगिरी हिणवायची नाही, पण १०० या आकड्याच्या पोटात काय काय आहे, ते माहीत असलेले बरे.

आता दुसरा सामना. २२ जानेवारी २००६ रोजी लॉस एंजेलिसमध्ये कोबीचा लेकर्स विरुद्ध टोरांटो रॅप्टर्स असा हा सामना होता. मध्यंतराला लेकर्स ४९-६३ असे मागे होते आणि पुढे एका टप्प्यावर ही पिछाडी १८ गुणांपर्यंत गेली. मध्यंतरापर्यंत कोबीचे २६ गुण झाले होते. तिसऱ्या क्वार्टरमध्ये त्याने २७ आणि चौथ्यात २८ गुण केले, म्हणजे उत्तरार्धात एकट्याने ५५. लेकर्स १२२-१०४ असे जिंकले. कोबीने ४६ पैकी २८ प्रयत्न साधले, त्यांत लांबून टाकलेल्या, दोनऐवजी तीन गुणांच्या ७ बास्केट होत्या, आणि २० पैकी १८ फ्री थ्रो आत गेले. तो सुमारे ४२ मिनिटे मैदानावर होता. चेंबरलेन पूर्ण ४८ मिनिटे होता. प्रतिस्पर्ध्यांच्या ताकदीवरून भेद करण्याजोगे मात्र फारसे काही नाही, कारण निक्स आणि रॅप्टर्स हे दोन्ही संघ आपापल्या हंगामात जिंकलेल्या सामन्यांपेक्षा हरलेले सामनेच अधिक असणारे होते.

खरा फरक खेळाच्या वेगात आहे. १९६१-६२ मध्ये एनबीएतील, म्हणजे अमेरिकेतील मुख्य व्यावसायिक बास्केटबॉल स्पर्धेतील, संघ धावत सुटत, मिळेल तो चेंडू घाईने बास्केटकडे टाकत आणि चुकलेला चेंडू पकडून पुन्हा धावत. एका संघाचे सामन्यातील सरासरी गुण ११९ च्या आसपास होते. २००५-०६ मध्ये खेळ संथ आणि बचाव घट्ट झालेला होता, आणि हीच सरासरी ९७ वर आली होती. म्हणजे एका खेळाडूच्या वाट्याला येऊ शकणाऱ्या संधीच कमी होत्या. कोबीचे ८१ गुण या दोन सरासरींच्या प्रमाणात १९६२ च्या मापात बसवले, तर ते ९९ होतात. हे त्रैराशिक शाळकरी आहे आणि त्याच्या जोरावर कोणाला इतिहासाच्या पुस्तकातून काढता येणार नाही. तरीही १९ गुणांची दरी एका गुणावर येते, ही गोष्ट आपल्या भावाला जरूर सांगावी. वाट्याचा हिशेब केला तर कोबी पुढेच जातो. चेंबरलेनने आपल्या संघाच्या गुणांपैकी ५९ टक्के केले आणि कोबीने ६६ टक्के. त्यातही कोबी गुण करत होता, तेव्हा संघ आधी मागे होता आणि त्या गुणांनीच पुढे आला.

माझे मत असे, की एका रात्रीचा विचार केला तर ८१ श्रेष्ठ आहेत. मात्र अख्ख्या हंगामाचा विचार केला तर चेंबरलेनशी तुलनाच होत नाही. त्या हंगामात त्याची सरासरी दर सामन्याला ५०.४ गुणांची होती. त्याच्या खालोखाल सरासरी एल्जिन बेलरची, ३८.३, पण लष्करी सेवेमुळे बेलर केवळ ४८ सामने खेळू शकला, आणि पूर्ण हंगाम खेळलेल्यांत पुढचा वॉल्ट बेलामी ३१.६ वर होता. कोबीची २००५-०६ मधील सरासरी ३५.४ आणि त्याच्या मागे अ‍ॅलन आयव्हरसन ३३. कोबी समकालीनांच्या चार पावले पुढे होता, तर चेंबरलेन त्यांच्या नजरेच्याही पलीकडे गेला होता.

प्रश्न : आजकाल कोणीही ७० गुण करतो. तीन गुणांच्या रेषेमुळे हे सगळे स्वस्त झाले आहे, असे वाटत नाही का?

उत्तर : ‘कोणीही’ हा शब्द थोडा कडक झाला, पण तक्रारीत तथ्य आहे. जानेवारी २०२४ मधील केवळ पाच दिवस पाहा. २२ तारखेला जोएल एम्बीडने ७० गुण केले आणि त्याच रात्री कार्ल-अँथनी टाउन्सने ६२. २६ तारखेला लुका डोंचिचने अटलांटाविरुद्ध ७३ आणि डेव्हिन बुकरने ६२. यांपैकी टाउन्स आणि बुकर यांचे संघ हरले. त्या हंगामात संघांची सरासरी ११४ च्या पुढे होती.

एनबीएमध्ये तीन गुणांची रेषा, जिच्या बाहेरून साधलेल्या बास्केटला दोनऐवजी तीन गुण मिळतात, १९७९-८० च्या हंगामापासून आली. तिचा नेमका किती फायदा झाला, हे काढण्याचा एक साधा मार्ग आहे. प्रत्येक लांबच्या बास्केटमागे मिळालेला तो एक जादा गुण वजा करून पाहायचा. डॅमियन लिलार्डने फेब्रुवारी २०२३ मध्ये ह्यूस्टनविरुद्ध ७१ गुण केले तेव्हा अशा १३ बास्केट होत्या, म्हणजे उरतात ५८. डोंचिचच्या ७३ मधून ८ गेले की ६५ राहतात. कोबीचे ८१ चे ७४ होतात. चेंबरलेनच्या वेळी एनबीएत ती रेषाच नव्हती, त्यामुळे त्याचे १०० जसेच्या तसे राहतात. मागच्या उत्तरात मी त्याच्यावर थोडा अन्याय केला असेल, तर त्याची ही भरपाई.

एक गोष्ट मात्र डोंचिचच्या पदरात टाकलीच पाहिजे. त्याचे ७३ गुण अवघ्या ३३ प्रयत्नांत आले आणि त्यांपैकी २५ आत गेले. चेंबरलेनला ६३ प्रयत्न लागले होते, कोबीला ४६. नेम आणि निवड या दोन कसोट्यांवर डोंचिचची ती रात्र वर सांगितलेल्या सर्वांपेक्षा सरस होती. स्वस्त झाले आहे ते गुणांचे चलन. ते कमावण्याचे कसब नव्हे.

प्रश्न : ५० किंवा त्याहून अधिक गुणांचे सर्वाधिक सामने कोणाचे? आणि त्या यादीत लेब्रॉन जेम्स वरच्या जागांवर का दिसत नाही?

उत्तर : साखळी सामन्यांत चेंबरलेनचे असे ११८ सामने आहेत आणि त्यांपैकी ४५ एकट्या १९६१-६२ च्या हंगामातले. मायकेल जॉर्डनचे ३१, कोबीचे २५. दुसऱ्या क्रमांकावरील जॉर्डन पहिल्याच्या जवळपास एक चतुर्थांशावर आहे, यावरून ही यादी किती एकतर्फी आहे ते कळावे. कोबीच्या नावावर मार्च २००७ मधील एक सलग मालिकाही आहे. चार लागोपाठच्या सामन्यांत त्याने ६५, ५०, ६० आणि ५० गुण केले, आणि लेकर्सने ते चारही जिंकले.

लेब्रॉनचा प्रश्न अधिक रंजक आहे. कारकिर्दीतील एकूण गुणांत तो सर्वांच्या पुढे आहे. फेब्रुवारी २०२३ मध्ये त्याने करीम अब्दुल-जब्बारचा ३८,३८७ गुणांचा विक्रम मोडला आणि मार्च २०२४ मध्ये ४० हजारांचा टप्पा ओलांडला. तरीही एका सामन्यातील त्याची सर्वोच्च कामगिरी ६१ गुणांची, तर करीमची ५५ चीच. दोघेही वर्षानुवर्षे, न चुकता, पंचवीस-तीस गुण करत राहिले. साठी-सत्तरीच्या मागे लागले नाहीत. बचावपटू दोघे-तिघे अंगावर आले की लेब्रॉनला मोकळा सहकारी दिसतो आणि तो चेंडू देऊन टाकतो. त्याच क्षणी कोबीला आणखी एक अवघड फेक दिसत असे. हा गुणदोषाचा नव्हे, तर स्वभावाचा फरक आहे. मॅजिक जॉन्सन हा तर सर्वकालीन श्रेष्ठांपैकी एक, पण त्याने साखळी सामन्यात कधी ४६ च्या वर गुण केले नाहीत, आणि त्यामुळे त्याचे काही अडले नाही.

आणि चेंडू हातात न ठेवताही मोठी धावसंख्या, क्षमा करा, गुणसंख्या उभारता येते. क्ले थॉम्पसनने ५ डिसेंबर २०१६ रोजी इंडियानाविरुद्ध २९ मिनिटांत ६० गुण केले. त्या संपूर्ण वेळात त्याने चेंडूचे टप्पे टाकले अवघे अकरा, आणि चेंडू त्याच्या हातात राहिला तो एकूण दीड मिनिट. चेंडू यायचा आणि हाताला लागताच बास्केटकडे निघायचा. चेंडूची वाट पाहत एवढी पळापळ करणे हीदेखील एक कला आहे आणि ती गुणफलकावर दिसत नाही.

प्रश्न : संघ हरला, तर ७० गुणांना काय अर्थ?

उत्तर : ते सामन्यावर अवलंबून आहे. मार्च २०१७ मध्ये वीस वर्षांच्या डेव्हिन बुकरने बोस्टनमध्ये ७० गुण केले आणि फीनिक्स १२०-१३० असे हरले. शेवटी शेवटी त्याच्या संघाने टाइमआउट घेऊन आणि मुद्दाम फाउल करून त्याला जादा संधी मिळवून दिल्या. हर्शीतलीच युक्ती, पण पराभवात. तिथे मला आकडा पोकळ वाटतो. उलट एप्रिल १९८६ मध्ये, त्याच बोस्टनमध्ये, जॉर्डनने प्लेऑफच्या, म्हणजे साखळीनंतरच्या बाद फेऱ्यांच्या, सामन्यात ६३ गुण केले. शिकागो दोनदा जादा वेळ खेळून १३१-१३५ असे हरले. त्या पराभवात त्याचा प्रत्येक गुण संघाच्या गरजेचा होता. प्लेऑफमधील तो विक्रम आजही अबाधित आहे.

प्रश्न : कोबीचा आपल्या मते सर्वोत्तम सामना ८१ चाच का?

उत्तर : नाही. माझी निवड त्याच्या महिनाभर आधीची, २० डिसेंबर २००५ ची. प्रतिस्पर्धी डॅलस, जो त्याच हंगामात पुढे अंतिम फेरीपर्यंत गेला. म्हणजे टोरांटोसारखा दुबळा संघ नव्हे. कोबीने ३१ पैकी १८ प्रयत्न साधले आणि २५ पैकी २२ फ्री थ्रो. तीन क्वार्टर संपले, तेव्हा लेकर्स ९५-६१ असे पुढे होते आणि कोबीचे वैयक्तिक गुण होते ६२, म्हणजे समोरच्या अख्ख्या संघापेक्षा एक अधिक. अजून बारा मिनिटांचा खेळ बाकी होता. आणखी गुण हवे असतील, तर पुन्हा मैदानात उतरण्याची मुभा त्याला होती. तो उतरला नाही. चौथा क्वार्टर त्याने बाकावर बसून पाहिला.